गुळाचा कागद

चार दिवसांत गूळ करायची सगळी रीत कागदावर आली पाहिजे, नाहीतर भिवराने गुऱ्हाळाची वाट विसरावी, असा मल्लाप्पाशेठचा हुकूम सुटला. कागद असा हवा, की तो वाचून कोणीही सोम्यागोम्या काहिलीपुढे उभा राहिला तरी गूळ बिघडता कामा नये. आणि असा कागद झाला, की भिवराची गरजच संपली! म्हणजे लिहिलं तरी घरी, न लिहिलं तरी घरी.

हे खूळ शेठचं नव्हे. एका गुऱ्हाळाची नऊ झाली, तेव्हा त्यांनी शहरातून त्र्यंबकराव नावाचा कारभारी आणला. या गृहस्थाने उभ्या जन्मात ऊस फक्त चोखलेला, पण निघाला शिस्त लावायला! पाणी प्यायला चिठ्ठी, चिठ्ठीला शिक्का, शिक्क्याला वेगळा कारकून. पाक ओळखणारी गुळव्याची नजर वगैरे सब झूट म्हणत त्याने आठ गुळव्यांना हाकललं आणि आपल्या कागदाबरहुकूम घटका मोजून पाक उतरवला. आठही काहिलींत कोळसा झाला. शहाण्याने दोष उसाला दिला. आता उरली होती नवव्या गुऱ्हाळावरची, बापाच्या हाताखाली तयार झालेली भिवरा.

भिवराचं डोकं भणाणलं होतं, पण तिने ते दाखवलं नाही. शाळेच्या पंतोजींकडून तिने कागद लिहून घेतला आणि नेमल्या दिवशी शेठच्या हातात दिला. काहिलीपुढे शेठनी शिक्क्याचा कारकून उभा केला. त्र्यंबकराव ऐटीत वाचू लागले. रस तापवा, रस निवळायला भेंडीचं पाणी घाला, वर आलेली मळी काढा. कारकुनाने तसं केलं. पाक रटरटू लागला. शेवटच्या ओळीवर मात्र त्र्यंबकराव अडखळले.

“आता भिवराला हाक मारावी, आणि ती म्हणेल तेव्हा काहील उतरवावी.”

हा कागद बाद, ही थट्टा आहे, म्हणून ते तावातावाने बोलू लागले. इकडे पाकाचा रंग बदलायला लागला तशी शेठची पाचावर धारण बसली.

“अहो, वाद मागाहून घाला! हाक मारा आधी!”

भिवरा आली. पाण्यात पाकाचा एक थेंब सोडला, बोटांनी चाचपला, जरा थांबली आणि म्हणाली, उतरवा. ढेप निघाली ती पिवळीधमक.

“पण या बाईशिवाय गूळ व्हायला हवा होता!” त्र्यंबकराव करवादले.

“तुमची अट होती, कागदाप्रमाणे वागलं की गूळ बिघडायचा नाही,” भिवरा म्हणाली. “बिघडला का, कारभारी? तुम्ही शंभर कलमं लिहून कोळसा केलात. माझं हे एक कलम खोडून बघा, तुमच्यासारखाच होईल!”

मल्लाप्पाशेठ पोट धरधरून हसले. त्यांनी तिथल्या तिथे कागदावर शिक्का मारला, आठही गुळव्यांना परत बोलावून एकेका गुऱ्हाळाच्या कागदावर एकेकाचं नाव घालायला लावलं आणि सगळ्यांची मुखत्यारी भिवराला दिली.

“आणि मी, शेठ?” त्र्यंबकरावांनी विचारलं.

“हाक मारायला कोणीतरी हवंच की! तुमचा आवाज चांगला मोठा आहे.”