कुंभारणीच्या पोटातले नऊ खडे

फार पूर्वी डोंगरापलीकडच्या एका गावात एक भगत होता. तो दुखऱ्या पोटाला तोंड लावायचा, जोरात चोखायचा आणि तळहातावर खडा थुंकायचा. "निघाला बघ!" म्हणायचा. दुखणेकऱ्याला लगेच हलकं वाटायचं. गावातले जाणते, म्हणजे ज्यांच्या मिशा पिकल्या होत्या ते सगळे, माना डोलवायचे.

त्याच गावात एक कुंभारीण होती. तिच्या पोटात उजवीकडे कळ यायची. भगताने तीन वेळा मिळून नऊ खडे काढले. दर वेळी दोन दिवस बरं वाटायचं, मग कळ आणखी जोराने परत यायची. आता अंगात तापही भरला होता.

"गाडी जुंपतो," कुंभार म्हणाला. "बाजारगावच्या वैद्याकडे जाऊ."

"अजून एक खडा राहिलाय म्हणालेत भगत," सासू कडाडली. "मध्येच वैद्य केलास तर देवी कोपेल. मोठ्यांचं ऐकावं जरा!"

कुंभाराने ऐकलं.

जत्रेच्या दिवशी कुंभारणीला पारावर निजवलं. भगत तिच्याजवळ बसला आणि त्याने नेहमीसारखी तोंडावरून मूठ फिरवली. शेजारी एक जादूगारीण खेळ करत होती, ती ते बघून दचकली. तोंडात वस्तू लपवायची ती सफाई तिने स्वतः दहा वर्षं घोटली होती. पण तिच्या खेळात कुणी तापाने फणफणत नसे.

"थांबा!" ती ओरडली. "आधी पाटलांचा खडा काढू द्या."

"मला कुठला खडा?" पुढेच उभे असलेले गावचे पाटील हसले.

"डाव्या कुशीत. श्वास घ्या. बारीक टोचतंय ना? आता थोडं खाली सरकलं..."

पाटलांचं हसू मावळलं. हात कुशीवर गेला. "आयला, टोचतंय खरं!"

तिने कुशीला तोंड लावलं आणि खडा थुंकला.

"गेलं!" पाटील ओरडले.

लोक तिच्या पायांवर कोसळले. "आई, माझा गुडघा बघ!" "आई, माझी पाठ!"

"अहो, उठा! खडा माझ्या गालात होता. हे बघा, अजून एक आहे." तिने तोही हातावर थुंकला. "पाटलांना काहीच होत नव्हतं. मी बोलून दुखवलं आणि खडा दाखवून थांबवलं."

एका म्हाताऱ्याने हात जोडले. "देवी अशीच परीक्षा बघते."

 जादूगारणीने सगळ्यांदेखत तोच खडा परत तोंडात टाकला, कुंभाराने जत्रेत विक्रीसाठी लावलेल्या पालातलं एक कोरं मडकं उचललं, त्याला तोंड लावलं आणि खडा थुंकला.

"आजोबा, याचं पोट कधीपासून दुखत होतं?"

कुणीतरी फस्सकन हसलं.

तिने भगतापुढे पाण्याचा तांब्या धरला. "दादा, सगळ्यांसमोर चूळ भरा आणि मग काढा हिचा खडा."

भगताने तांब्या घेतला नाही. तोंडही उघडलं नाही. तो उठला आणि गर्दीतून वाट काढत चालू लागला.

कुंभारीण कोपरावर रेलून उठली. तिचा चेहरा पांढराफटक पडला होता.

"म्हणजे माझ्या पोटातून काहीच निघालं नाही? मग मला बरं कसं वाटायचं?"

"तुझा विश्वास होता म्हणून, बाई. पाटलांना वाटलं तसंच."

"आणि जे दुखतंय, ते?"

जादूगारणीने तिच्या तापलेल्या कपाळावर हात ठेवला.

"ते आतच आहे," कुंभारीण स्वतःच म्हणाली. "इतके दिवस आतच आहे!"

"आज दिवस बरा नाही, उद्या जा," सासू पुटपुटली. या वेळी कुंभाराने मागे वळूनही पाहिलं नाही. त्याने गाडी जुंपली.

बाजारगावच्या वैद्याने तिला तपासलं आणि तो कुंभारावर भडकला. "आणखी दोन दिवस थांबला असतात, तर हिला न्यायला चौघे लागले असते!" दोन महिन्यांनी कुंभारीण आपल्या पायांनी घरी आली.

पण जत्रेच्या त्या दिवशी गावात कुणी जेवलं नाही. ज्याच्या त्याच्या मनात एकच मोजणी चालली होती. पाटील ओट्यावर दगडासारखे बसले होते. त्यांच्या थोरल्या लेकीचेही खडे निघाले होते. सात. सातवा निघाला तेव्हा ती हसून म्हणाली होती, "आबा, आता बरं वाटतंय." त्यानंतर ती चार दिवस जगली.

तात्पर्य: बरं वाटलं म्हणजे बरं झालं असं नाही, आणि खरंच बरं झालं का, हे तोंडावर विचारायला थोरामोठ्यांची परवानगी लागत नाही.