शेकरूचे दात

सह्याद्रीच्या रानांना अजून नावे पडली नव्हती, तेव्हाची ही गोष्ट. तिथे एक शेकरू राहत असे. तिने कुरतडलेली डहाळी नेमकी हवी तिथेच तुटे आणि तिने विणलेले घरटे वादळातही हलत नसे. तिच्या घरट्यांना रानभर मागणी वाढली, तशी तिने हाताखाली खारी घेतल्या. मग त्यांची भांडणे मिटवण्यातच तिचा दिवस मावळू लागला.

"अक्का, हिने माझ्या काटक्या पळवल्या!"

"अन् हिने कधी एक तरी सरळ काटकी आणलीय का, तेही विचारा!"

शेकरू दोघींची समजूत घाली. अक्कांचा वेळ मोडू नये म्हणून खारी तिला मऊ, पिकलेली उंबरे आयती आणून देत; कठीण असे काही तिच्या दातांखाली येईनासे झाले. आपण काहीच बांधले नाही, तरी एवढे दमलो कशाने, हे तिला उमगत नसे.

एके दिवशी दिवस भरत आलेली तिची लेक आली. "आई, खारींनी बांधलेलं नको. माझ्या पिलांचं घरटं तूच बांध."

कितीतरी काळाने शेकरू मनापासून हसली. तिने जांभळीची डहाळी तोंडात धरली. पण न झिजलेले दात वाढून आत वळले होते, ते एकमेकांना भिडेनात. साल नुसतीच ओरबाडली गेली.

"अक्का, लवकर या! पुन्हा जुंपली!" खालून हाक आली.

शेकरूने डहाळी सोडली आणि ती भांडण मिटवायला खाली उतरली. आता तिला तेवढेच येत होते.