हाकेनंतरची गप्प जागा

आईचं नाव घेऊन झालं आणि लगेच घंटा वाजली.

शेवरी दचकली. तशी ती कशानेही दचकायची. पिकलं पान टपकन पडलं तरी, मांजरीने जांभई दिली तरी. पण आजचं दचकणं वेगळं होतं. काहीतरी चुकलं होतं. एवढंसं, तिळाएवढं. पण काय?

शेवरीचं गाव धुकेवाडी. सकाळी तिथे गुलाबी धुकं असायचं, दुपारी पिवळंधमक ऊन, आणि सांजेला जांभळं धुकं डोंगर चढायचं. दाट, मऊ आणि थोडं लबाड. त्यात सापडलेल्या माणसाला स्वतःचे पायसुद्धा दिसायचे नाहीत. म्हणून रोज सांजेला सगळा गाव हाकफुलाच्या झाडाखाली जमायचा. हात धुवायचे, झाडाच्या मुळाशी दूध शिंपडायचं, डोळे मिटायचे आणि हाकपाठ म्हणायचा. फार जुना, फार पवित्र पाठ. डोंगरावर गेलेल्या प्रत्येकाचं नाव त्यात सुरात घ्यायचं, “ये गं, ये रे, घरी ये.” आणि माणसं घरी यायची. कशी यायची, हे कुणी कधी विचारलंच नव्हतं.

शेवरी आणि तिची आई गावात सगळ्यात गरीब. त्यांच्या छपराला इतकी भोकं, की चांदण्या आत डोकावून बघायच्या. आई डोंगरावरून मध आणायची आणि शेवरी हाकफुलाचा पार झाडायची. आज डोंगरावर दोघंच होती. एक आई. दुसरे मोळीवाले उंबरकाका, जे दिसले की ओरडायचे, “काय गं भित्री भागूबाई, आज कुणाला घाबरलीस? मुंगीला?”

पाठ संपला. धुक्यातून कुणीच आलं नाही.

शेवरीने पाठकदादांचा सदरा हळूच ओढला. पाठ सांगणारे जुने सूरबाबा नुकतेच ढगाघरी गेले होते आणि आज नव्या पाठकदादांचा पहिलाच दिवस होता.

“पाठकदादा, आज काहीतरी राहिलं.”

“राहिलं? एक अक्षर इकडचं तिकडे नाही झालं!”

“पण… सूरबाबा नाव घेतलं की थांबायचे.”

पाठकदादा खो खो हसले. “अगं वेडाबाई, त्यांना दमा होता! दम खायला थांबायचे ते. मला कशाला थांबायला हवं? उगाच मधे रिकामं रिकामं वाटायला नको, म्हणून तर मी ही घंटा बांधली. घाबरू नकोस हं. पुन्हा म्हणू.”

पुन्हा म्हटला. नाव, घंटा. नाव, घंटा. ठणाठण! धुकं पारापर्यंत आलं. आता कुणी हसत नव्हतं.

शेवरी झाडामागे जाऊन बसली. तेवढ्यात मुसमुसणं ऐकू आलं. शेवरी दचकली. मुसमुसणारंही दचकलं!

हाकफुलाच्या मिटलेल्या कळीवर एक इवलीशी परी बसली होती. मोरपंखी झगा, दवाच्या थेंबांची माळ, आणि काजव्यासारखे मिणमिणते पंख.

“तू कोण?” शेवरीने कुजबुजत विचारलं.

“मी थांबुली. हाकपाठात एक गप्प जागा होती ना, नाव घेतल्यानंतरची? तिथे मी राहते. राहत होते. आज माझ्या घरात घंटा घुसली गं. कान दुखतायत माझे.”

शेवरीने पटकन ओंजळ केली आणि थांबुलीला आत घेतलं. बाहेर पुन्हा घंटा झाली, पण ओंजळीत ती अगदी मंद वाजली.

“किती मऊ,” थांबुली म्हणाली. “माझ्या पंखांत एका इच्छेपुरता उजेड उरलाय. तो तुला देते. पण नियम आहे. ज्याचं नाव घेशील, इच्छा त्या एकट्याचीच. दुसऱ्या कुणाला त्यातला कणही मिळणार नाही.”

“आई!” हा शब्द शेवरीच्या ओठांवर आलाच होता. पण मग उंबरकाका? ते चिडवतात, पण मागे तिच्या पायात काटा गेला, तेव्हा त्यांनीच तिला पाठुंगळी घेऊन घरी आणलं होतं. आणि ही थांबुली? बिनघराची कुठे जाईल?

आणि मग तिला आठवलं. आई घरी आली की रोज म्हणायची, “मी ओ दिली आणि वाट उजळली बघ.” ओ! माणसं ओ द्यायची त्या गप्प जागेत! आता घंटेच्या आवाजात ती ऐकणार कोण?

“थांबुली, तुझं घर तुला परत मिळालं तर?”

“तर माझी इच्छा पुरी होईल. पण तुझी आई येईलच असं नाही हं. तिने ओ दिली तरच. तिने हाक ऐकली तरच.”

शेवरीने डोळे घट्ट मिटले. आवाज चिमणीएवढा निघाला, पण निघाला. “थांबुलीला तिचं घर मिळू दे.”

ओंजळीत सोनेरी, केशरी, निळा प्रकाश फुलला. थांबुलीने तिच्या अंगठ्याची पापी घेतली आणि ती त्या प्रकाशात विरघळून गेली.

आणि सगळं गप्प झालं. झरा गप्प. पाखरं गप्प. पाठकदादा दोरी ओढत राहिले, घंटा हलत राहिली, पण आवाज नाही. ते कावरेबावरे होऊन बघायला लागले. पाठच विसरले बिचारे!

आता हाक कोण मारणार?

शेवरी पारावर चढली. “आई, ये गं, घरी ये!”

काही नाही. नुसतं जांभळं धुकं.

तिला रडू फुटणार होतं. तरी ती म्हणाली, “उंबरकाका, या हो, घरी या!”

खूप लांबून खोकला आला. मग, “ओ! भागूबाई, तू का गं?”

धुक्यात सोन्याचा बारीक धागा उजळला. एक कळी टपकन उमलली. शेवरी दचकली नाही.

तिने खोल श्वास घेतला. “आई! ये गं, घरी ये!”

मग ती थांबली. सूरबाबा थांबायचे तशी. सगळा गाव तिच्याबरोबर श्वास धरून थांबला. धुकं हललं नाही. गप्प जागा मोठी मोठी होत गेली.

आणि मग त्या गप्प जागेच्या अगदी टोकाशी, दमलेला, मधासारखा गोड, ओळखीचा आवाज आला.

“ओ!”