हरण्याचा डाग

फार पूर्वी एका राजाच्या मिरवणुकीत हरण्या बैल सर्वांत पुढे चालायचा. एके दिवशी त्याला काढून शेणाच्या गाडीला जुंपलं. का, तर ज्येष्ठता डागाच्या तारखेवरून ठरायची, आणि पाखऱ्या बैलाला तापल्या लोखंडाचा सरकारी डाग आठ दिवस आधी बसला होता.

“अहो कारभारी, गोठ्यात आधी मी आलो! डाग देणारा लोहारच लग्नाला गेलेला, त्यात माझा काय गुन्हा?”

“अर्ज कर बाबा,” कारभारी बोकड रवंथ करत म्हणाला. “दप्तराला लग्नकार्य कळत नाही.”

घुबडाच्या कचेरीत बारा वर्षं तारखा पडल्या. शेण ओढता ओढता हरण्या मेला, आणि मग निकाल लागला: हरण्याच ज्येष्ठ, मिरवणुकीत त्यालाच पुढे ठेवावं.

“तामील कधीच झालीय,” बोकड म्हणाला. मिरवणुकीपुढे नगारा वाजत होता. त्यावर ताणलेल्या हरण्याच्या कातड्यावर सरकारी डाग अजून स्पष्ट दिसत होता.