दिवाणांचं लॅटिन आणि अळूचं फदफदं

विलायतेहून परतलेले दिवाण दाजीसाहेब भर पंगतीत कडाडले, "दुर्गाकाकूंचं हे अळूचं फदफदं मी अ‍ॅभॉर करतो. या बाईंना आजच मुदपाकखान्यातून काढा."

अ‍ॅभॉर हा रोग की नवा कर, हेच महाराजांना उमगेना. "म्हणजे काय करता?"

"भयंकर तिटकारा. मूळ लॅटिन अर्थ, शहारून मागे सरणे."

महाराज आणखीच गोंधळले. त्यांनी काकूंकडे पाहिलं.

काकू पदर खोचून म्हणाल्या, "सरकार, मला लॅटिन कुठलं येतंय? पण सगळे पाट मी दोरी धरून मांडले होते. दिवाणसाहेबांना आत्ता तिसऱ्यांदा फदफदं वाढलं. त्यांचा पाट तेवढा बघा."

महाराजांनी वाकून पाहिलं. पाट वीतभर पुढे सरकला होता.