धनेशाची बाळंतीण

एक होता डोंगर. एकटादुकटा नव्हे हं, लांबच लांब रांग होती ती, अजगर ऊन खात पडावा तशी. पायथ्याशी ओढा, कमरेला रान आणि डोक्यावर जांभ्या दगडाचं सपाट पठार, म्हणजे सडा. रान तरी कसं? भर दुपारी दिवा लावावा असं. त्यात गवे होते, शेकरं होती, अस्वलही होतं. छबू, अस्वल या गोष्टीत येत नाही, तेव्हा निवांत पड.

त्या डोंगराच्या कुशीत धुळू नावाचा धनगर राहायचा. मध काढण्यात त्याचा हात धरणारा पंचक्रोशीत कोणी नव्हता. तो झाडावर चढायला लागला की शेकरू बघत राहायचं. त्याची बायको भागू. माघात भागू बाळंत झाली, मुलगी झाली. पण झालं काय, भागूला दूधच येईना. पोर रडरड रडायची. धुळू शेळीचं दूध कापडाच्या बोळ्यानं पाजायचा, त्यातलं निम्मं बाहेर यायचं.

सुईण होती बायजाकाकी. ती म्हणाली, "अरं धुळू, धनेशाचा रस्सा पाज तिला. दुधाचं पाट व्हातील." आता खरं सांगू? बायजाकाकीला यातलं काही ठाऊक नव्हतं. तिला तिच्या सासूनं सांगितलं होतं, आणि सासूला तिच्या सासूनं. पण लेकरू भुकेलं असलं की बाप कुणाचंही ऐकतो.

मग धुळूनं ओढ्याकाठच्या उंबरावर फास लावला. त्यात मोठ्या चोचीचा, पिवळ्या मानेचा धनेश सापडला. धडपडून बिचाऱ्याचा पंख दुखावला होता. धुळूनं त्याला घरी आणून पाटीखाली ठेवला आणि चूल पेटवायला बसला. तेव्हा पाखरं बोलायची, बरं का. पाटीखालून आवाज आला, "बाबा, मला खुशाल काप. पण आधी माझ्या बाळंतिणीला सांगून ये. ती वाट बघत बसेल."

"कुठं हाय ती?" धुळूनं विचारलं.

"वर बेहड्याच्या ढोलीत. चिखलानं दार लिंपून घेतलंय तिनं. चोच जाईल एवढीच फट ठेवलीय. पिल्लं मोठी होईतो ती बाहेर येत नाही. येणार तरी कशी? पंखांची पिसं गळून गेलीत तिची."

पडद्याआड भागू बाळाला घेऊन पडली होती. ती म्हणाली, "अवो, इचारा त्येला, तिला खायाला कोन घालतं?"

"मीच," पाटीखालून उत्तर आलं.

भागूनं लेकीला पोटाशी ओढलं. मग म्हणाली, "त्यो रस्सा माज्या घशाखाली उतरायचा न्हाई. माजं दूध यायचं तवा यील. तुमी आदी तिला खायाला घाला." तिथंच बसलेली बायजाकाकी रुसून निघून गेली. धुळूनं चुलीतली लाकडं मागे ओढली आणि विझवली.

दुसऱ्या दिवशी तो उंबरं घेऊन बेहड्यावर चढला. फटीतून एक उंबर आत धरलं, तर आतलीनं कचकन बोटच फोडलं. मग त्यानं उंबर काठीच्या टोकाला लावून दिलं. तिनं चोच आत ओढून घेतली. नवऱ्याशिवाय ती कुणाच्या हातचं खाईना. आता काय करावं? मग त्यानं काय केलं, धनेशालाच उंबरं चारली, पाटीत बसवलं, पाटी पाठीला बांधली आणि पुन्हा चढला. धनेशाच्या गळ्यात असते पिशवी. त्यातून तो एकेक उंबर काढून फटीत द्यायला लागला आणि आतली गपागप खायला लागली. किती भुकेली होती ती! धुळूला रडू आलं. झाडावर कोणी बघत नव्हतं, म्हणून त्यानं ते येऊ दिलं.

मग रोजचंच झालं ते. लोक हसायचे. म्हणायचे, "धुळ्या पाखराचा हमाल झाला." धुळू कानाडोळा करायचा. इकडे आठव्या दिवशी भागूला दूध आलं, धनेशाच्या रश्शावाचून. यायचंच होतं ते.

फाल्गुन गेला, चैत्र गेला आणि वैशाख आला. ढोलीत दोन पिल्लं झाली होती, ती दिवसभर ओरडायची. पण ओढा आटला. पहिल्या दिवशी धुळू पायथ्याला गेला, तर उंबरं माकडांनी संपवलेली. दुसऱ्या दिवशी त्यानं मधलं रान धुंडाळलं, तिथं नुसता पाचोळा. तिसऱ्या दिवशी चार सुकलेली करवंदं मिळाली, तेवढीच घेऊन गेला. तेव्हा फटीतून आतली पहिल्यांदा बोलली. म्हणाली, "एक पिल्लू ओरडायचं थांबलंय."

 धुळूनं धनेशाला विचारलं, "आता कुठं बघू?" धनेश म्हणाला, "मी यंदाच पहिल्यांदा बाप झालोय रे. मला काय ठाऊक?"

तेवढ्यात वरून एक गवा उतरत आला. धुळू झाडाआड झाला. गवा पुढून गेला, आणि बघतो तर काय, त्याचे चारही पाय गुडघ्यापर्यंत ओल्या चिखलानं भरलेले. धुळूला नवल वाटलं. पाणी नेहमी खाली असतं, आणि खाली तर थेंब नाही. मग हा वरून ओला कसा आला?

मग धुळू गव्याच्या पावलांवरून उलटा वर चढत गेला, पाठीवर धनेश घेऊन. आता ऐका हं गंमत. डोंगराच्या डोक्यावरचा जांभा असतो घावनासारखा, नुसत्या भोकाभोकांचा. पावसाळाभर तो पाणी पीत राहतो. त्याच्याखाली असतो काळा पाषाण, आपल्या पाट्यासारखा घट्ट. तो थेंबही आत घेत नाही. मग ते पाणी दोघांच्या मधल्या कपारीतून हळूहळू पाझरत राहतं, अगदी वैशाखातसुद्धा. तिथं होता एक झरा, करंगळीएवढा, आणि त्याच्याखाली चिखलाचं डबकं. आणि झऱ्यावर उंबराच्याच जातीचं नांदरुकीचं झाड, फळांनी लालेलाल.

मग धुळूनं धनेशाला गळ्यापर्यंत फळं चारली आणि धावतच बेहडा गाठला. पहिलं फळ आत गेलं, गप्प झालेल्या पिल्लाचा आवाज नाही. दुसरं गेलं, आवाज नाही. तिसरं गेलं आणि आतून त्याचीही बारीक चिवचिव आली. मग धुळू फांदीवर जो बसला, तो अंधार पडेपर्यंत उतरलाच नाही.

ज्येष्ठ लागता लागता पिल्लं मोठी झाली. बाळंतिणीनं चोचीनं दार फोडलं. नवी पिसं आली होती तिला. धनेशाचा पंखही बरा झाला होता. दोघं उडाली, मागोमाग पिल्लं उडाली, आणि सगळी सड्यावरून पलीकडे दिसेनाशी झाली. धुळू रिकामी पाटी घेऊन घरी आला. तोंड एवढंसं झालं होतं त्याचं. म्हणाला, "एवडं केलं, पन येकानंबी मागं वळून बगितलं न्हाई."

भागू लेकीला पाजत होती. ती म्हणाली, "उडाली न्हवं? मग झालं. आन आपली ही तरी जाताना कुटं मागं वळून बगनार हाय?"

 धुळूनं लेकीला उचलून घेतलं आणि ती झोपली तरी खाली ठेवलं नाही.

मग रानात धनेश सुखानं राहिले, घरात धुळू, भागू आणि त्यांची लेक सुखानं राहिली. झरा अजून पाझरतोय. आता पाय आत घ्या, पांघरूण ओढा आणि डोळे मिटा बघू.