राजाला हवा भारदस्त रोग

“मला रोग हवा!” राजा दुर्जयसिंह गरजला. “नाव असं लांबलचक, की ऐकणाऱ्याची बोबडी वळली पाहिजे! पण त्रास? तिळभरही नको! दिवस मावळायच्या आत शोधा, नाहीतर औषधशाळेला कुलूप आणि वैद्यराज हद्दपार!”

हे खूळ महाराजांच्या डोक्यात शिरलं शेजारच्या राजाकडच्या लग्नात. तो शेजारी कपाळ धरून येईल त्याला ऐकवत होता, “आम्हाला अम्लपित्तजन्यशिरःशूल आहे हो!” पाहुणे तोंडात बोटं घालत होते. आणि आमचे महाराज? साध्या पडशानं सूं सूं करत कोपऱ्यात! पडसं गेलं, पण ते जिवाला लागलेलं काही जाईना.

राजवैद्य निळोपंत घामाघूम झाले. “महाराज, अतिसार चालेल?”

“अतिसार! वा, काय भारदस्त! म्हणजे काय?”

“अति म्हणजे फार, सार म्हणजे वाहणं. म्हणजे... हगवण, महाराज.”

दरबार खो खो हसला. राजा लालबुंद! “कुलूप आणा रे!”

खलबत्ता घेऊन मागं उभ्या असलेल्या गोजरानं हे ऐकलं. ती औषधशाळेत मुळ्या कुटायची आणि तिची आई तिथल्याच खाटेवर खोकत पडलेली. कालच कुठं माउलीनं चार घास खाल्ले होते. आता कुलूप लागलं तर तिला न्यायचं कुठं?

पण गोजरा रडत बसणाऱ्यातली नव्हती. कुटता कुटता वैद्यांचे शब्द तिच्या कानावर रोज पडायचे. ही रोगांची नावं म्हणजे तुकडे जोडलेली गोधडीच की! मग आपणही एक शिवू!

“थांबा महाराज!” ती पुढं झाली. “तुमचा रोग मला दिसला!”

“तुला?”

“तोंडावरच दिसतोय! तुम्हाला झालीय निर्ज्वरनिःशूलनिष्काससुपचनसुनिद्रता!”

निळोपंतांनी कपाळावर आलेला हात तसाच ठेवला. राजा तर असा हरखला की सिंहासनावरून उठून नाचायचाच बाकी. “निर्ज्वर... निःशू... अगं, जीभच वळत नाही! झकास! शेजाऱ्याहून लांब! पण पोरी, याचा अर्थ काय?”

“सोपं आहे, महाराज. निर्, निः, निष् हे तिघं एकाच घरचे. तिघांचा अर्थ ‘नाही’. ज्वर म्हणजे ताप, शूल म्हणजे दुखणं, कास म्हणजे खोकला. सु म्हणजे चांगलं. शेवटचा ‘ता’ म्हणजे तसं असणं. आता जोडा! ताप नाही, दुखणं नाही, खोकला नाही, पचन उत्तम आणि झोप ढाराढूर!”

राजाच्या भुवया चढल्या. “म्हणजे मी धडधाकट आहे! मला बनवतेस?”

“तुम्हीच म्हणालात, नाव मोठं हवं आणि त्रास नको. नाव मोठं आहे ना? त्रास आहे का?”

“नाही, पण...”

“आणि महाराज, शेजारच्या राजानं कितीही डोकं आपटलं तरी त्याला हा रोग व्हायचा नाही. आधी त्याची डोकेदुखी गेली पाहिजे!”

राजा असा हसला, असा हसला, की मुकुट घरंगळत निळोपंतांच्या मांडीवर! तो परत देताना त्यांनी महाराजांच्या कानात गोजराच्या आजारी आईचंही सांगितलं. “फेका ते कुलूप विहिरीत! हिच्या आईला बरं वाटेपर्यंत राजवाड्यातलं दूध जाऊ दे, आणि या पोरीला सोन्याच्या पाटल्या! अन् दवंडी पिटा रे, आम्हाला रोग झालाय!”